पावणेसोळा बाय पावणेपंचवीस

मिनेसोटात घर घेतलं तेव्हा बर्फ, ड्राइव्हवे, प्रॉपर्टी टॅक्स यावर सगळ्यांनी भरभरून सल्ले दिले. तळघरातल्या फर्नेसबद्दल मात्र कुणी चकार शब्द काढला नाही.

इथे थंडीत फर्नेस घरातलीच हवा ओढते, गरम करते आणि परत खोल्यांमध्ये सोडते. आत जाताना ती हवा एका फिल्टरमधून जाते. पुठ्ठ्याची चौकट, आत घड्या घातलेलं कापड. एक इंच जाडीचा असेल तर एक ते तीन महिन्यांनी बदलायचा. मी बदलत होतो. जुन्या फिल्टरवर १६×२०×१ छापलं होतं, तेवढाच नवा आणायचा. सोप्पं!

डिसेंबरात आई पुण्याहून आली आणि पंधरा दिवसांत खोकायला लागली. "हवा कोरडी असते गं इथली, होईल सवय," मी म्हटलं. ह्युमिडिफायर आणला, कर्तव्य संपलं. आईचा प्रश्न वेगळाच होता. रोज देव्हारा पुसताना म्हणायची, "अरे, दारं-खिडक्या सगळ्या बंद, मग ही धूळ येते कुठून?"

तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली. शनिवारी फर्नेस बंद करून, टॉर्च घेऊन खाली गेलो. फिल्टर होता, पण त्याच्या पलीकडे चांगली पाच इंचांची फट! खाच मोजली. सोळाहून जरा जास्त बाय पंचवीसहून जरा जास्त. म्हणजे आधीच्या मालकाने चुकीचा फिल्टर लावला होता आणि मी तोच इमानदारीत कॉपी-पेस्ट करत होतो. हवा काय, मोकळी वाट दिसली की तिथूनच जाणार. सोबत धूळही.

दुकानातून १६×२५×१ आणला. घरी येऊन टेप लावली, तर पावणेसोळा बाय पावणेपंचवीस, जाडी पाऊण इंच! फसवलं म्हणून चिडलो. मग चौकटीवरची बारीक अक्षरं वाचली. मोठं छापलेलं माप नावापुरतं असतं, खरं माप थोडं कमी. जिन्यात उभी राहून आई सगळं बघत होती. म्हणाली, "दार चौकटीएवढंच केलं तर पावसाळ्यात लागेल का? सरकायला जागा नको?"

चार वर्षं इंजिनिअरिंग केलं मी. असो.

दुकानात मर्व्ह १३ घ्यायचा मोह झाला होता. हा आकडा जितका मोठा, तितके बारीक कण अडतात. पण एक इंची फिल्टर फार दाट असला तर हवा कमी ओढली जाते आणि फर्नेस जास्त तापून मध्येच बंद पडू शकते. बाहेर उणे वीस असताना हा प्रयोग नको, म्हणून मर्व्ह ८ आणला. चौकटीवरचा बाण फर्नेसच्या दिशेने ठेवून सरकवला. नीट बसला.

आठवड्याभरात देव्हाऱ्यावरची धूळ बरीच कमी झाली. खोकलाही उतरला. फिल्टरमुळे की सवयीमुळे, देव जाणे. आई मार्चमध्ये परत गेली. फर्नेसच्या पत्र्यावर मी मार्करने १६×२५×१ लिहून ठेवलंय. पुढच्या मालकाने मात्र त्यावर विश्वास ठेवू नये. आधी खाच मोजावी.

आणि घरातलं कुणी "धूळ कुठून येते" विचारलं, तर पहिल्याच वेळी खाली जाऊन बघावं.