चार ट्रॅक, एक माणूस

कॅसेटवर गाणं सुरू होण्याआधी टेप नुसतीच फिरते, तेव्हा एक बारीक खसखस ऐकू येते. गोव्याचे रॉक गायक रेमो फर्नांडिस यांच्या 'गोवन क्रेझी'मध्ये ती जरा जास्तच होती. नांदेडच्या वसतिगृहात ही कॅसेट आली ती एका मित्राच्या गोव्यात नोकरीला असलेल्या भावाकडून, आणि तीही मूळ प्रतीवरून भरून घेतलेली. म्हणजे खसखशीवर आणखी खसखस. शेजारच्या खोलीतला जिंतूरकडचा पोरगा दारात येऊन म्हणाला, "काय ऐकायलास रं हे? कॅसेट खराब हाय का?"

कॅसेट जन्मतःच तशी होती. रेमोनं ती 1984 साली शिवोलीच्या आपल्या घरात, चार ट्रॅकच्या पोर्टास्टुडिओवर ध्वनिमुद्रित केली. हे यंत्र टॅस्कमनं 1979 मध्ये बाजारात आणलं होतं, आणि त्याची करामत साधी होती. नेहमीच्या कॅसेटवर दोन बाजूंचे मिळून चार पट्टे असतात. हे यंत्र ते चारही एकाच दिशेनं वापरायचं आणि टेप दुप्पट वेगानं पळवायचं. त्यामुळे साठ मिनिटांच्या कॅसेटवर जेमतेम पंधरा मिनिटं मावायची. एका पट्ट्यावर गिटार, दुसऱ्यावर बासरी, तिसऱ्यावर गळा. आणखी वाद्यं हवी असतील तर हे तिन्ही मिसळून चौथ्यावर उतरवायचे आणि रिकाम्या झालेल्या पट्ट्यांवर पुढचं काम करायचं. दर वेळी खसखस वाढणार, आणि एकदा मिसळलेलं पुन्हा सुटं होणार नाही. गिटार जरा मोठी झाली हे उद्या लक्षात आलं तर उपाय नाही. ब्रूस स्प्रिंगस्टीननं 1982 चा 'नेब्रास्का' असाच घरात बसून याच जातीच्या यंत्रावर केला होता. पण त्याच्या पाठीशी मोठी कंपनी होती. शिवोलीतल्या माणसाजवळ शब्द, चाल, वाद्यं, गळा सगळं स्वतःचंच, मुखपृष्ठही स्वतःच काढलेलं. वास्तुशास्त्र शिकलेला हा माणूस आपल्या कॅसेटी स्कूटरवर घालून गोव्यातल्या दुकानांना पोचवत हिंडला.

मला त्या वेळी इंग्रजी शब्द निम्मेही कळत नव्हते. कळली ती हिंमत. आणि आज वाटतं, त्या हिंमतीचं मला फारसं नवलही वाटलं नसावं. आमच्याकडे स्वतः लिहायचं, स्वतः चाल लावायची, गावोगाव जाऊन स्वतः गायचं, ही रीत जुनीच. वामनदादा कर्डकांनी आयुष्यभर दुसरं काय केलं? मराठवाड्यात नामांतराच्या आंदोलनातली कितीतरी गाणी कुठल्याही कंपनीच्या शिक्क्याशिवाय वस्त्यावस्त्यांत पोचली. लातूरच्या गंजगोलाईत उभं राहिलं की एका दुकानातून भीमगीत, दुसऱ्यातून कव्वाली, तिसऱ्यातून भारूड कानावर यायचं. शिवोलीचा रॉक गायक त्या गर्दीत परका वाटला नाही. फक्त त्याची भाषा निराळी होती.

फरक होता तो पुढचा. त्याच्याबद्दल लिहिलं गेलं, बोललं गेलं, भांडलंही गेलं. राजीव गांधी पंतप्रधान असताना गोव्याच्या सरकारनं रेमोला त्यांच्यासमोर गायला बोलावलं. यानं गोव्याची खरी अवस्था सांगणारं गाणंच पंतप्रधानांना उद्देशून म्हटलं. वर्तमानपत्रांत काहूर उठलं, पाहुण्याचा अपमान झाला म्हणून. रेमोनं ती कात्रणं आणि गाण्याचे शब्द थेट दिल्लीला धाडले. उत्तर आलं की आम्हाला गाणी आवडली. झाला वाद खलास. मला या गोष्टीत सगळ्यात मोलाचं वाटतं ते हे, की गाण्याचे शब्द कुणीतरी कागदावर वाचून मत दिलं. पुढे 'पॅक दॅट स्मॅक' आणि 'बॉम्बे सिटी' मोठ्या कंपनीकडून आले, 2007 मध्ये पद्मश्री मिळाली. ते सगळं ठीकच आहे.

आमच्या गायकांच्या वाट्याला काय आलं? टाळ्या, कधी ओंजळभर नोटा, आणि फार तर मरणानंतरचा गौरवग्रंथ. परीक्षण नाही. अमुक कॅसेटमधली दुसरी बाजू पहिलीपेक्षा ढिली आहे, तिसऱ्या गाण्यात ढोलकीनं शब्द खाल्ले, हे कुणी छापलं? आणि हे घडलं कुठे, तर नरहर कुरुंदकरांच्या नांदेडात! पीपल्स कॉलेजच्या या प्राचार्यांनी 'धार आणि काठ'मध्ये मराठी कादंबरीची भीडभाड न ठेवता तपासणी केली, भरताचं नाट्यशास्त्र मुळातून उलगडलं. ते 1982 मध्ये गेले, 'गोवन क्रेझी'च्या दोन वर्षं आधी. ते असते तर कॅसेटवर लिहिते, असं म्हणण्याचं धाडस मी करणार नाही. पण त्यांच्या पंक्तीला बसलेल्यांपैकी कुणाला तरी ते सुचायला हरकत नव्हती. साहित्य तेवढं समीक्षेचं, गाणं नुसतं करमणुकीचं, ही वाटणी आपणच करून टाकली आणि त्यात सर्वांत जास्त नुकसान झालं ते गीत लिहिणाऱ्या गायकाचं. कवी त्याला कवी मानत नाहीत, गवई गवई मानत नाहीत.

मग निदान या एका कॅसेटचं परीक्षण मी करून टाकतो, उशिरा का होईना. 'गोवन क्रेझी' सरसकट चांगली नाही. कोरस ऐकताना एकच माणूस घरातल्या सगळ्या खोल्यांतून ओरडतोय असं वाटतं. विनोद काही ठिकाणी ताणला आहे. पण बासरी गिटारच्या अंगावरून जाते तिथे रॉक पाहुणा उरत नाही, गोव्याचाच होतो. त्यातला माणूस परदेशी दिसण्यासाठी गात नाही. नंतरच्या गुळगुळीत ध्वनिमुद्रणांपेक्षा मला ही खसखशीत कॅसेटच श्रेष्ठ वाटते.

असं लिहायला मोठं शहरच हवं असं नाही. भारतातलं रॉकचं नावाजलेलं मासिक, 'रॉक स्ट्रीट जर्नल', अमित सैगल यांनी 1993 मध्ये सुरू केलं ते अलाहाबादेतून. मुंबई-बंगळूरची वाट त्यांनी पाहिली नाही. आज शिकवणीसाठी लातुरात खोली करून राहणारी पोरं मोबाइलवर गाणी रचतात, मुद्रित करतात, जगासमोर टाकतात; ट्रॅक चारच असण्याची अडचण त्यांना नाही. त्यांना 'लई भारी' म्हणणारे मित्र पुष्कळ आहेत. नांदेड-लातूरच्या दिवाळी अंकांच्या संपादकांना एवढीच विनंती, की यंदा कवितांची दोन पानं कमी करा आणि या पोरांच्या एखाद्या अल्बमचं रोखठोक परीक्षण छापा. लिहायला कुणी मिळालं नाही तर मला कळवा.