पाच पिढ्या आणि धाटावचा लॅडर

प्रोग्रामिंगच्या भाषांच्या पाच पिढ्या डिप्लोमाचे विद्यार्थी पाठ करतात: शून्य-एकची यंत्रभाषा पहिली, असेंब्ली दुसरी, फोरट्रान, कोबोल, सी तिसरी, एसक्यूएल चौथी, प्रोलॉग पाचवी. क्रमांक वाढेल तशी भाषा पुढारलेली, हा समज त्यातून आपसूक रुजतो. सनावळी मात्र त्याला साथ देत नाही. पाचवीतला प्रोलॉग 1972 च्या सुमाराचा, म्हणजे तिसरीतल्या सीच्या बरोबरीचा. चौथीतल्या एसक्यूएलचा पहिला आराखडा 1974 चा. नात आजीच्या वयाची आणि आईपेक्षा मोठी! जपानने 1982 मध्ये प्रोलॉगच्या वळणाच्या तर्कप्रधान भाषांवर पाचव्या पिढीच्या संगणकाचा राष्ट्रीय प्रकल्प उभारला. दहा वर्षांनी तो आटोपला, तेव्हा धंद्याची कामे सी आणि कोबोलमध्येच चालू होती.

रोह्याजवळच्या धाटाव औद्योगिक वसाहतीतल्यासारख्या रासायनिक कारखान्यांत आम्हा पीएलसीवाल्यांना, म्हणजे यंत्रे चालवणारे प्रोग्रामेबल लॉजिक कंट्रोलर हाताळणाऱ्यांना, हा हिशेब आणखी अडतो. रिॲक्टर तापला की वाफेचा व्हॉल्व्ह बंद व्हावा, ढवळणी थांबलेली असताना पंप सुरू होऊ नये, असे इंटरलॉक आम्ही लॅडरमध्ये लिहितो. रिले पॅनेलची आकृती वाचणाऱ्या इलेक्ट्रिशियनला नवे यंत्र परके वाटू नये म्हणून ती आकृतीच भाषा झाली. तिची पिढी कोणती? एकेक बिट हाताळते म्हणून दुसरी, की चित्राने लिहिली जाते म्हणून चौथी? ती भाषाच नव्हे, असे म्हणून सुटता येत नाही. आयईसी 61131-3 या 1993 च्या मानकात ती पास्कलच्या वळणाच्या स्ट्रक्चर्ड टेक्स्टच्या मांडीला मांडी लावून बसली आहे. एकाच बॅचचे इंटरलॉक लॅडरमध्ये आणि आकडेमोड स्ट्रक्चर्ड टेक्स्टमध्ये, अशी वाटणी आम्ही सर्रास करतो.

नवख्याला काही क्रम लागतोच, हा आक्षेप रास्त आहे. पहिल्या तीन पायऱ्या खऱ्याही आहेत: 1957 च्या फोरट्रानच्या कंपायलरने गणिताचे सूत्र यंत्राच्या सूचनांपासून खरोखरच मोकळे केले. चौथी आणि पाचवी मात्र काळाचे टप्पे नसून कामाचे प्रकार आहेत. त्यांना पुढचे नंबर देणे ही जाहिरात झाली. मग पिढ्या सोडून प्रोसीजरल, ऑब्जेक्ट ओरिएंटेड, फंक्शनल अशा याद्या कराव्यात का? जरूर, पण पेणच्या गणपती कारखान्यात एकच मूर्ती उंचीच्या, मातीच्या आणि बैठकीच्या यादीत येते, तसा पायथॉन या तिन्ही याद्यांत येणार. यादी कोणत्या प्रश्नासाठी केली, हे वर लिहिले तरच ती उपयोगाची.

परीक्षेत पाच पिढ्या खुशाल लिहा. भाषा निवडताना मात्र पिढी विचारू नका. रात्रपाळीत प्लांट थांबला तर ती कोणाला वाचता येईल, तेवढे आधी विचारा.