खालचे चार

सेफचं, म्हणजे बाजूनं काढलेल्या डोक्याच्या एक्सरेचं, ट्रेसिंग मी हल्ली हातानं करत नाही. पेन्सिल थरथरायला लागली तेव्हा ते काम माझ्याकडे शिकायला आलेल्या मुलीच्या लॅपटॉपवर गेलं. ती बिंदू टिपते, प्रोग्रॅम कोन सांगतो. एएनबी, म्हणजे वरच्या-खालच्या जबड्यांतल्या फरकाचा कोन, उणे 3; खालच्या पटाशीच्या दातांचा कोन 79. चहा निवायच्या आत सगळं तयार. तिच्या वेगाबद्दल माझी तक्रार नाही. खालचे चार दात तिला नुसता आकडा म्हणून दिसतात, हे मला खुपतं.

खालचा जबडा पुढे गेलेल्या पोरांत हे चार जिभेकडे कलतात, वरचे ओठाकडे. घरातलं भांडण पाहुण्यांपुढे झाकावं, तसं दातांनी जबड्यांचं झाकलेलं असतं. नव्वदीच्या आसपास हवेत ते 79 वर आलेत, म्हणजे बरंच झाकलंय. आता या झाकपाकीला हात द्यायचा की ती उकलायची?

हात द्यायचा तर खालचे आणखी मागे, कधी खालचे दोन प्रीमोलर काढून. उकलायची तर नेमकं उलट. दात आपापल्या हाडावर सरळ उभे केले की व्यंग उघडं पडतं, ऑपरेशन होईपर्यंत चेहरा आणखी बिघडतो आणि आई म्हणते, "डॉक्टर, आधीच बरा दिसत होता की हो." एका वाटेनं अर्धं गेल्यावर दुसरीकडे वळणं म्हणजे केलेलं सगळं मोडणं. निर्णय मात्र मागितला जातो चौदाव्या वर्षी, आणि मुलग्यांचा जबडा अठरा-विसापर्यंत वाढू शकतो. आठ-नऊ वर्षांचं मूल आलं तर फेसमास्कनं वरचा जबडा पुढे ओढता येतो. पुष्कळदा खरा दोष मागे राहिलेल्या वरच्याचाच असतो. पण आईबाप येतात पोराला मिसरूड फुटल्यावर.

कोपनहेगनच्या ब्यॉर्क यांनी मुलांच्या जबड्यात धातूच्या बारीक पिना बसवून वर्षानुवर्षं वाढ मोजली आणि 1969 मध्ये वाढीचा कल ओळखायच्या सात खुणा मांडल्या. त्यातली एक मँडिब्युलर कॅनॉलची, म्हणजे खालच्या जबड्यातल्या नसेच्या बोगद्याची, वक्रता. हातानं ट्रेसिंग करताना माझी पेन्सिल त्या कॅनॉलवरून फिरायचीच. आमचा प्रोग्रॅम तिथं बिंदू मागत नाही, म्हणून ती मुलगी तिथं बघत नाही.

आता या खुणांवरून भविष्य खरंच कळतं का? बॉमरिंड आणि सहकाऱ्यांनी 1984 मध्ये निष्णातांना एक्सरे दाखवून जबडा कुठल्या दिशेनं फिरेल ते विचारलं. त्यांचे अंदाज नाणं उडवण्याहून सरस ठरले नाहीत. हा पेपर मी अनेकदा वाचलाय. तरी मला वाटतं, मला कळतं.

निदान आम्ही एक्सरे तरी बघतो. आता गल्लोगल्ली अलाइनर झालेत. मोबाइलवर हसरा फोटो पाठवा, डबा कुरियरनं घरी. सेफ नाही, वाढीचा विचार नाही, चारही दात हाडाबाहेर ढकलले तरी विचारणारं कुणी नाही.

पण मीही काही संत नाही. माझ्या वेटिंग रूममध्ये क्लास थ्रीचा, म्हणजे अशाच पुढे गेलेल्या खालच्या जबड्यांचा, अल्बम आहे, सगळे ऑपरेशनविना जमवलेले. कॉन्फरन्समध्ये कुणी विचारलं, "सर्जरी कुणाकडे केलीत?" की मी जरा थांबून म्हणायचो, "केलीच नाही." ते थांबणं मला फार आवडायचं. अल्बममधले फोटो सगळे समोरून, हसरे. हनुवटी बाजूनं दिसेल असा एकही मी लावलेला नाही.

परवा त्या 79 वाल्या मुलाचे खालचे दात मागे ओढायला माझी विद्यार्थिनी रबरबँड काढून बसली होती. मी म्हटलं, थांब, हा अजून वाढणार, कॅनॉल बघ. ती म्हणाली, "सर, बॉमरिंड." तो पेपर तिला मीच वाचायला दिला होता. मुलाच्या वडिलांना मी पुढच्या वर्षीचा सेफ निघेपर्यंत थांबायला सांगितलं. त्यांनी लगेच ऐकलं, कारण माझे केस पांढरे आहेत.