लोणी, लसूण आणि कोळंबी

आज रात्री कोळंबी घालून लिंग्विनी पास्ता केला. इटलीहून अमेरिकेत गेलेल्या कुटुंबांनी तिथल्या कोळंबीवर बसवलेला हा प्रकार. मसाला असा नाहीच, म्हणून कोळंबी ताजीच हवी. आपल्याकडे लगेच हळद, मीठ, आगळ लागतं. इथे फक्त मीठ. मात्र धागा काढून ती फडक्याने अगदी कोरडी करायची. ओली राहिली तर परतली जात नाही, नुसती वाफेवर शिजते.

गरम लोण्यात एका बाजूने मिनिटभर, दुसऱ्या बाजूने त्याहूनही कमी. करडा रंग जाऊन गुलाबी झाली, अर्धवट वळली, की लगेच बाहेर. पूर्ण वेटोळं झालं म्हणजे चिवट झालीच.

त्याच लोण्यात लसूण, मंद आचेवर. फोडणीतल्यासारखा लाल करायचा नाही, कडवट होतो. मग नाशिकची पांढरी वाइन, गोड नसलेली. ती निम्मी आटली की उग्रपणा जातो आणि आंबटपणा तेवढा मागे राहतो.

मला सगळ्यात आवडतो तो पुढचा क्षण. पास्ता उकळलेलं गढूळ पाणी डावभर घालायचं, गॅस बंद करायचा, थंड लोण्याचे तुकडे टाकून पातेलं हलवत राहायचं. पाण्यातला स्टार्च लोण्याला फुटू देत नाही. पातळ रस बघता बघता दाट, चकचकीत होतो, लिंग्विनीला धरून बसतो. वर पार्सली, लिंबू. चीज अजिबात नको, कोळंबीची गोडी मरते. आणि उरवायचं नाही. पुन्हा गरम केलं की लोणी सुटतं.