दगडावरची नावे

वसतिगृहामागच्या पट्ट्यात बाग करावयाचे ठरले, तेव्हा पहिली अडचण पाण्याची. विहीर फाल्गुनातच तळ दाखविते. म्हणून आम्ही मुलांना जपानमधील क्योटो येथील रिओआनजी या झेन मठाच्या अंगणाचा आराखडा फळ्यावर काढून दाखविला. सुमारे २५ मीटर लांब, १० मीटर रुंद जागा. तीत पांढरी खडी आणि १५ दगड, तेही ५, २, ३, २, ३ अशा गटांनी. पाण्याचा थेंब नाही. खडीत दाताळ्याने ओढलेल्या रेघा हेच पाणी. ओसरीवर कोठेही बसा, एक तरी दगड दृष्टीआड राहतोच.

बागेपुरते एवढे पुरे होते. पण हे केले कोणी, हा प्रश्न इतिहासाच्या शिक्षकाला स्वस्थ बसू देत नाही. रिओआनजीचा कर्ता निश्चित नाही. मात्र तेथील एका दगडाच्या मागच्या बाजूस दोन नावे कोरलेली आहेत. ती कावारामोनो कारागिरांची असावीत, असे अनेक अभ्यासक मानतात. कावारामोनो म्हणजे नदीपात्रालगत राहणारे लोक. मेलेली जनावरे उचलणे, कातडी कमावणे त्यांच्या वाट्याला. म्हणून त्यांचा विटाळ. (आपल्या वाचकांस याहून अधिक सांगणे नलगे.) माती-दगडांचे कामही त्यांच्याकडेच आले आणि त्यांतूनच थोर उद्यानकार घडले. शोगुन आशिकागा योशिमासाने ज्याचा गौरव केला तो झेनआमी त्यांपैकीच. त्याचा नातू माताशिरो याने १४८९ मध्ये एका भिक्खूजवळ, आपण प्राणिवध करणाऱ्या कुळात जन्मलो याचे दुःख बोलून दाखविले. म्हणून जीवहत्या न करण्याचे व्रत घेतल्याचेही सांगितले. भिक्खूने ते रोजनिशीत टिपले.

बुद्धाला मानणाऱ्या देशात हे घडावे! जो धम्म आम्ही जातीचे ओझे टाकून स्वीकारला, त्याच्याच अंगणात हा विटाळ. मुलांना हे सांगू नये, असे क्षणभर वाटले. सांगितले.

आमच्या बागेत काळ्या कातळाचे सात दगड आहेत. एका पाथरवट दांपत्याने पहारी लावून ते दोन दिवसांत बसविले. तळाचा भाग जमिनीत पुरला, त्यामुळे ते तेथेच उगवल्यासारखे दिसतात. उद्घाटनाच्या पाटीवर देणगीदारांची आणि पाहुण्यांची नावे आली, या दोघांची राहिली. पाटीचा मजकूर आमच्याच हातचा होता. चूक दाखविली ती आठवीतल्या एका मुलीने. आम्ही ओशाळून म्हणालो, मोठ्या दगडाच्या मागे कोरून घेऊ.

"मागे नको सर, पुढे," ती म्हणाली.

नावे पुढच्या बाजूस आहेत. वसतिगृहाच्या ओसरीवरून वाचता येतात.