तेराव्या महिन्याचं भाडं

चि. इरा,


तुझ्या बेटांच्या देशाचं पंचांग वाचलं. ‘शेवाळ’, ‘खारवा’ ही महिन्यांची नावं फार आवडली. गणित मात्र नको इतकं गुळगुळीत झालंय. वर्ष ४०० दिवसांचं, चंद्राची फेरी बरोब्बर ३२ दिवसांची. बारा महिन्यांचे ३८४, उरले १६, म्हणून एक वर्ष सोडून तेरावा महिना. संपलं! अशा देशात शेंबडं पोरही पुढच्या शंभर वर्षांचे सण सांगेल. आणि तुझी कादंबरी म्हणे पुरोहितांच्या सत्तेवर आहे. त्यांना विचारायला जाणार कोण?

आपल्या आकाशाने आपल्यावर एवढी मेहेरबानी केलेली नाही. अमावास्या ते अमावास्या सरासरी २९.५३ दिवस, बारा फेऱ्यांचे ३५४ आणि वर थोडे तास. ऋतूंचं वर्ष ३६५ दिवसांहून जरा मोठं. म्हणजे दरवर्षी अकराएक दिवसांची तूट. ती तशीच सोडली की हिजरी सनातल्या रमजानसारखा सण साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. भरून काढायची तर मध्ये महिना घालावा लागतो. कधी घालायचा, ते आपण सूर्यावर सोपवलंय: ज्या चांद्रमासात सूर्य रास बदलत नाही, तो अधिक. त्यामुळे २०१८ च्या अधिक ज्येष्ठानंतर अधिक आश्विन २०२० मध्येच आला, पण पुढच्या अधिक श्रावणाला २०२३ उजाडलं. आणि क्वचित एकाच महिन्यात दोन संक्रांती येतात, तेव्हा महिनाच गळतो. १९८३ मध्ये असा क्षयमास आला होता.

तुला एवढी भानगड नको. फक्त चंद्राची फेरी ३२ ऐवजी ३२.३ दिवसांची कर आणि गंमत बघ. दर दहा महिन्यांतले तीन ३३ दिवसांचे होतील. तेरावा महिना कधी दोन वर्षांनी, कधी तीन वर्षांनी येईल. १३ वर्षांत असे पाच महिने घातले की १६१ महिने होतात, म्हणजे ५२००.३ दिवस, तुझी १३ वर्षं ५२०० दिवसांची. मेळ बसला! पण तो ०.३ पुरता बसत नाही. एखाद्या मूळपुरुषाने हे तेरा वर्षांचं चक्र धर्म म्हणून घालून दिलं, तर चौदाशे वर्षांत पेरणीचा सण अख्खा महिना उशिरा येऊ लागेल. शेतकऱ्याचं बी तोवर उगवून वर आलेलं, आणि पुरोहित म्हणतोय, आज मुहूर्त. तुझा संघर्ष इथे आहे, तलवारींत नाही.

मुळात शेतकरी त्या पुरोहिताचं ऐकेल असंही नाही. आपल्याकडे गणपती चंद्रावर बसतात, पण पेरणी मृगावर, म्हणजे सूर्यावर. ज्येष्ठ कितीही मागेपुढे होवो, मृग ७-८ जूनलाच लागतो. तुझ्या कोळ्यांना उधाण-भांगासाठी चंद्र हवा, डोंगरावरच्यांना सूर्य. पंचांग दोघांचं एकच, म्हणून भांडण अटळ. कोकणात टिळक पंचांग पाळणाऱ्यांच्या घरी काही वर्षी गणपती महिनाभर आधी येतात, कारण दोन पंचांगांचा अधिक महिना वेगवेगळा निघतो. आकाश एकच असून!

टॉल्कीनने ‘द हॉबिट’मध्ये (१९३७) पंचांगाचं हे अवघडपण फार चलाखीने वापरलंय. बुटक्यांचं नवं वर्ष शरदाच्या शेवटच्या चंद्राने सुरू होतं. त्या दिवशी चंद्र आणि सूर्य आकाशात एकत्र दिसले, तरच तो ड्यूरिनचा दिवस. गुप्त दाराचं कुलूप त्याच दिवशी सापडणार, आणि तो दिवस आधी काढण्याची विद्या बुटके विसरलेले आहेत. त्याने तक्ता दिला नाही, विद्या हरवल्याचं सांगितलं, आणि अख्खी कथा त्या खुंटीला टांगली. तुझ्या पंचांगाचा सहा पानी तक्ता मला तरी वाचकाला द्यावासा वाटत नाही. तो तुझ्याजवळ ठेव.

त्याऐवजी बाजारात काय चालतं ते लिही. आपल्याकडे धोंड्याचा महिना आला की लग्नं थांबतात, मंगल कार्यालयं ओस पडतात, आणि जावयाच्या ताटात तेहतीस अनारसे येतात. सासऱ्याच्या खिशाला तो दुष्काळातला तेरावा महिनाच! २००४ च्या अधिक श्रावणात जन्मलेल्या पोराचा तिथीने तोच महिना थेट २०२३ मध्ये आला, आणि दोन्ही वेळा तो १८ जुलैलाच लागला. मधली सगळी वर्षं त्याने साध्या श्रावणावर भागवलं.

तेव्हा पुढच्या खर्ड्यात मला एवढं हवं. बंदरावरचा हमाल वर्षाच्या करारावर राबतो की महिन्याच्या? तेराव्या महिन्याचं घरभाडं कोण भरतं? कैद्याची वर्षं मोजताना तो महिना धरतात का? आणि यंदा तेरावा आहे की नाही, हे जाहीर करण्याआधी पुरोहिताकडे रात्री कोण कोण थैली घेऊन जातं, त्यांची नावं आधी ठरव.

तुझी,
आत्या