परसातली आगटी

भाईंदरला थंडी ती काय पडते, असं देशावरचे पाहुणे म्हणतात. खरंच आहे त्यांचं. एका अंगाला खाडी, दुसऱ्या अंगाला डोंगरीचा डोंगर, त्याच्यामागं समुद्र. अशा ठिकाणी गारठा टिकायचा कसा? 1962 च्या जानेवारीत सांताक्रूझला पारा 7.4 अंशांवर उतरला होता. मी तेव्हा अंगावर पिणारा होतो. आई सांगायची, त्या आठवड्यात तिनं मला निखाऱ्याच्या मडक्याजवळ निजवलं होतं. एरवी पौषात 15-16 अंश झाले की आमची माणसं कानटोप्या काढतात. तरीही शेकोटी आमच्याकडे पिढ्यान्‌पिढ्या होती. ती थंडीसाठी कमी आणि बसण्यासाठी जास्त.

आम्ही तिला आगटी म्हणायचो. आम्ही आगरी, म्हणजे आगरातले, मिठागरातले. पावसाळ्यात भात आणि दिवाळी झाली की मीठ, असं वर्ष वाटलेलं. उधाणाचं पाणी आगरात घ्यायचं तर रात्री-अपरात्री जागावं लागे. तेव्हा बांधावर आगटी पेटलेली असायची. शेण्या, तुरीच्या काट्या, नारळाची सोडणं, जे हाताला येईल ते. माझा बाप आणि दादा तिथं बसून पाण्याची वाट बघायचे. दादा माझ्याहून सात वर्षांनी मोठा. वारा ओळखायला मी त्याच्याकडून शिकलो. संध्याकाळी समुद्राकडून येतो तो खारा, आणि रात्र चढली की जमिनीकडून सुटतो तो मतलई. धूर कुठं वळला ते बघून दादा किती वाजले ते सांगायचा. घड्याळ बापाकडे होतं, पण ते बंद असायचं.

पुढं 1985 ला भाईंदरची नगरपरिषद झाली, नंतर आमची गावंही तिच्यात गेली, 2002 ला महानगरपालिका झाली. शेतं बांधाबांधानं कमी झाली. आगरं पडून राहिली. दादा आणि मी वेगळे झालो ते 1998 ला. भांडण कशाचं ते इथं लिहीत नाही. दोन गुंठ्यांचं होतं एवढं पुरे. घर वाटलं, शेत वाटलं. घरामागचं परस मात्र वाटायचं राहिलं, कारण मोजणीवाला आला त्या दिवशी पाऊस लागला आणि पुन्हा त्याला कुणी बोलावलंच नाही. त्या परसात जुन्या घराच्या विटा आणि मंगलोरी कौलं रचून ठेवली होती. सामाईक. ना त्यानं हात लावला ना मी. सव्वीस वर्षांत त्या ढिगावर घाणेरी माजली, मुंगसानं घर केलं. आम्ही बोलायचो नाही असं नाही. मयताला, लग्नाला बोलायचो. ‘जेवलास का’, ‘गाडी किती वाजता’. तेवढंच.

2024 च्या दिवाळीत नातू आला. तो स्टेशनजवळ टॉवरमध्ये राहतो, सातव्या मजल्यावर. मोबाईलमध्ये त्यानं मला अमेरिकेतल्या घरांची मागची अंगणं दाखवली. मधोमध दगडाचं गोल कडं, त्यात जाळ, भोवती खुर्च्या. “आजोबा, याला फायर पिट म्हणतात. आपण करू या ना.” लोखंडाचं तयार घमेलंही मिळतं म्हणाला, काही हजारांना. मी म्हटलं, अरे, ही तर आगटी. उत्तनकडच्या रिसॉर्टांत शेकोटीचे वेगळे पैसे लावतात हे मी ऐकून होतो. पण शेकोटी विकत आणायची वस्तू झाली हे मला त्या दिवशी कळलं.

आता करायची म्हटल्यावर जागा बघणं आलं. यात घाई कामाची नाही. घराची वळचण, पेंढ्याची उडवी, विजेची तार, झाडाची खाली आलेली फांदी, या सगळ्यांपासून निदान दहा-बारा फूट सोडावे. मी काठीनं मोजत फिरलो. एका बाजूला उडवी, एका बाजूला तार, एका बाजूला नारळी. सगळं टाळून जी जागा उरली ती बरोबर परसाच्या मधोमध, म्हणजे अर्धी माझी, अर्धी दादाची. विटाही सामाईक. आणि दादाला दमा. तो पंप घेतो. थंडीत त्याचा खोकला मला भिंतीतून ऐकू येतो.

गेलो. दादा पडवीत बसला होता.

“मागं आगटी करायची म्हणतो,” मी म्हटलं. “ईटा लागतील.”

“किती?”

“शंभरेक.”

बराच वेळ तो काही बोलला नाही. मग म्हणाला, “वारा बगितलास?”

बघितला होता, पण त्याला सांगू दिलं. आमची दोन्ही घरं परसाच्या मावळतीला, त्याचं उत्तरेकडे, माझं दक्षिणेकडे. थंडीत संध्याकाळचा वारा वायव्येचा, म्हणजे धूर घरांपासून दूर जाणार. रात्री मतलई लागली की तोच धूर उलटा घरांवर येणार.

“धा पावलं दक्षिनंला सरकव,” दादा म्हणाला.

“मग धूर माज्या घरात येल.”

“येऊ दे की.”

वहिनी आत हसली. मलाही हसू आलं, पण मी ते दाखवलं नाही. शेवटी ठरलं ते असं: जागा दहा पावलं दक्षिणेला, आणि मतलई सुटायच्या आत, साडेनऊपर्यंत, आग निजवायची. अट त्याची, मला मान्य. दुसऱ्या दिवशी त्याचा नातू विटा मोजायला हजर. पन्नास त्यांच्या, पन्नास आमच्या. पोरानं खडूनं खुणासुद्धा केल्या.

जुन्या विटा चुन्यात बांधलेल्या होत्या, त्यामुळे चुना कोयत्याच्या पाठीनं टकटक करून सुटला. सिमेंटमधली वीट असती तर निम्म्या फुटल्या असत्या. माझ्या नातवाला घाई. तो खाडीच्या कडेचे गोल गोल दगड पोत्यातून घेऊन आला, मोबाईलमधल्यासारखं दिसावं म्हणून. दादा पडवीतूनच ओरडला, “तो धोंडा नको रं, फुटंल!” पाण्यात राहिलेल्या दगडाच्या पोटात ओल असते. जाळ लागला की तिची वाफ होते, वाफेला वाट मिळाली नाही की दगड फटाक्यासारखा फुटतो आणि कपरा तोंडावर उडतात. चुलीलाही आमच्याकडे खाडीचा दगड लावत नसत. भाजलेली वीट बरी, ती एकदा आगीतून जाऊन आलेली असते.

खड्डा खोल खणायचा नाही. मोबाईलमध्ये दीड-दोन फूट खणतात. आमच्या जमिनीत दोन फुटांवर, उधाणाच्या दिवसांत, खारं पाणी पाझरतं. म्हणून मी फक्त एक वीत माती काढली आणि बाकीची आगटी जमिनीच्या वर उचलली. मधे खुंटी ठोकून दीड फूट दोरी बांधली आणि गोल फिरवली. आतून तीन फूट रुंदी झाली. एवढ्यात आठ-दहा माणसं भोवती बसतात. याहून मोठी केली तर लाकूड फार खाते. तळाला चार बोटं खडी, वर वाळू, म्हणजे पाणी मुरून जातं. त्यावर विटा आडव्या, तोंड आत करून, एका थराला चोवीस. असे चार थर. पहिल्या थरात चारी दिशांना अर्ध्या विटेएवढी फट ठेवली. ही फट विसरू नये. आगीला खालून वारा मिळाला तर ती जळते, नाही मिळाला तर धुमसते. आणि आमचं सगळं गणित धुराचंच होतं.

विटा सिमेंटमध्ये लावू नयेत, तापून तडकतं. मी शेताच्या बांधाची चिकणमाती घेतली, तीत वाळू आणि भाताचं तूस मळलं, एक रात्र भिजत ठेवलं. घरच्या चुली आई अशाच घालायची. माती वाळायला आठ दिवस दिले आणि मग तीन संध्याकाळी नुसत्या करवंट्यांचा बारीक जाळ केला. ओल्या मातीला एकदम मोठी आग दाखवली तर भेगा जातात. भोवती चार फूट गवत खरवडून फुटक्या कौलांचा चुरा पसरला. बसायला नारळाचे दोन ओंडके. खडी, वाळू आणि टेम्पोचं भाडं मिळून खर्च आला 1,350 रुपये. त्यातले 700 भाड्याचे.

लाकडाचा प्रश्न नव्हता. 2021 च्या मे महिन्यात तौक्ते वादळात आमचा मागचा आंबा पडला होता. त्याची खांडं करून पत्र्याखाली रचली होती, साडेतीन वर्षं म्हणा ना, वाळून खडखडीत झालेली. दोन खांडं एकमेकांवर आपटली की ठण्ण वाजली पाहिजेत. धप्प वाजली तर ओल आहे, आणि ओल म्हणजे धूर. लहानपणी आमच्या चुली तिवरांवर चालायच्या. आता तिवर तोडायचं नाही. 2005 साली उच्च न्यायालयानं मनाई केली, आणि बरं केलं. तिवरं नसती तर उधाणानं गावाचे बांध ठेवले नसते. कण्हेरीचं लाकूडही आगटीत नको, त्याचा धूर विषारी. रंग दिलेली दारं, प्लायवूड हेही नको, त्यात रंग आणि डिंक असतो.

आणि प्लास्टिक तर नाहीच. कचरा उघड्यावर जाळला तर पाच हजार दंड, असं हरित लवादानं 2016 ला सांगितलं आहे. तरी रस्त्यानं जाताना बघा, बांधकामाच्या फाटकाशी वॉचमन पिशव्या, थर्माकोल, काय मिळेल ते जाळून शेकत बसलेले असतात. लोक त्यांना नावं ठेवतात. मी नाही ठेवत. रात्रभर उघड्यावर बसणाऱ्या माणसाला वीस मजले बांधणाऱ्यानं एक मोळी वाळलेलं लाकूड नाही तर एक जाड कांबळं द्यायला काय हरकत आहे?

पेटवण्याची रीतही दादाचीच. आपण खाली काटक्या आणि वर ओंडके ठेवतो. तो उलटं करायचा. जाड खांडं खाली, त्यावर मनगटाएवढी, त्यावर काटक्या, आणि अगदी वर सोडण. जाळ वरून खाली उतरतो, खालून निघालेला धूर वरच्या जाळात जळून जातो. आगराच्या बांधावर तो असंच लावायचा. मी पेटवत होतो तेव्हा तो खुर्ची घेऊन आला. वायव्येला, वाऱ्याच्या बाजूला बसला, पंप खिशात. पहिली पाच मिनिटं थोडा धूर झाला, तो माझ्या तुरीवर गेला. मग निवळला. दादा काही बोलला नाही, पण खुर्ची एक हात पुढं घेतली.

त्या आठवड्यात माझी लेक माहेरी आली होती. ती अलिबागकडे दिली आहे. येताना वालाच्या शेंगा आणि भांबुर्ड्याचा पाला घेऊन आली, पोपटी लावायला. मडक्यात पाला, शेंगा, बटाटे, अंडी, मसाला लावलेली कोंबडी, ओवा आणि मीठ. तोंडाला पुन्हा पाला कोंबला, मडकं उपडं केलं आणि भोवती जाळ. पाऊण तास. पाण्याचा थेंब नाही, शेंगा आपल्याच वाफेत शिजतात. मीठ मात्र दुकानातलं, पाकिटातलं. दादानं ते पाकीट उलटसुलट करून वाचलं आणि बाजूला ठेवलं. मग पोरांना म्हणाला, “तुमचा पंजोबा पान्यात मनगट बुडवून सांगायचा, मीठ आज धरंल का उद्या.” पोरांना ते खरं वाटलं नाही. “इचारा याला,” दादा म्हणाला आणि माझ्याकडे बोट केलं.

मग मी सांगत बसलो. मधे मधे तो दुरुस्ती करायचा. फाटकाची फळी कुणी उचलली, कोणत्या सालच्या उधाणाला बांध फुटला, बाप पाण्यात उतरला तेव्हा कंदील कुणी धरला. कंदील मी धरला होता असं मला वाटत होतं; तो म्हणाला, त्यानं. दोन गुंठ्यांचं नाव निघालं नाही. मीही काढलं नाही, त्यानंही नाही. त्याला खोकला दोनदा आला, पंप एकदाही काढला नाही. हे मी मोजत होतो, आणि वहिनीही मोजत होती.

नऊ वाजून गेल्यावर धूर उभा राहिला. वारा पडला की असं होतं. दादानं वर बघितलं. “फिरंल आता,” म्हणाला. नातू बादली घेऊन धावला, त्याला दोघांनीही एकदम अडवलं. तापल्या विटेवर पाणी पडलं तर वीट तडकते आणि राखेचा लोट उठतो. निखारे काठीनं पसरले, वर कोरडी माती टाकली, चारी फटी विटांच्या तुकड्यांनी बंद केल्या, आणि तासाभरानं हात धरून बघितला. पाण्याची बादली जवळ हवीच, पण ती ठिणगी उडाली तर म्हणून. पावसाळ्यात वर जुना पत्रा आणि त्यावर दोन दगड, म्हणजे माती वाहून जात नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी वहिनीनं पोराकडून पत्र्याचा डबा पाठवला. वालाला कीड लागू नये म्हणून राख पाहिजे होती. कोळसे काढून, चाळून दे, असा निरोप होता.